मस्टरवरचा अंगठा

कुठल्याही कागदावर सही करायची वेळ आली की मी तो कागद आधी उलटा करून पाहतो. मागची बाजू कोरी आहे ना, मजकूर आणि सही यांच्यामध्ये कुणाला दोन ओळी घुसवता येतील एवढी जागा तर सुटलेली नाही ना, हे बघितल्याशिवाय पेनाचं टोपण काढत नाही. बँकेतली मुलगी तोंड फिरवून हसते. बायको म्हणते, "अशा वेळी तुमच्या अंगात कोण शिरतं हो?"

माझ्या अंगात पुंजाजी गांगुर्डे शिरतात.

गांगुर्डे आमच्या कचेरीत रोजंदारीवर होते. खातं कोणतं ते सांगत नाही. सरकारी होतं एवढं पुरे. नाशिक रोडच्या रस्त्याला पत्र्याच्या छपराची कचेरी होती, तिच्यामागे गोदाम, आणि गोदामात सिमेंटच्या गोण्या, घमेली, पहारी, लोखंडी सळया. हे सगळं येईल तसं उतरवून घ्यायचं, रचायचं आणि साइटवर पाठवायचं, हे गांगुर्ड्यांचं काम. शिवाय साहेबांच्या घरी पाण्याची टाकी साफ करणं, टपाल पोचवणं, शिपाई आला नाही तर त्याच्या स्टुलावर बसणं, हीही कामं त्यांचीच. कागदोपत्री मात्र ते 'हंगामी मजूर' होते. आमच्याकडे हंगाम कसला आणि तो संपतो कधी, हे मला कुणी कधी सांगितलं नाही.

आणीबाणी उठून थोडेच दिवस झाले होते, तेव्हा मी कनिष्ठ लिपिक म्हणून तिथे लागलो. माझ्याकडे मस्टर आलं, म्हणजे रोजंदारीवाल्यांचा हजेरीपट. पगाराच्या दिवशी माणसं रांगेत यायची, मी नाव पुकारायचो, माणूस नावापुढे सही करायचा. पहिल्याच महिन्यात गांगुर्डे पुढे आले. काटक अंग, बारीक डोळे, मान जराशी तिरकी. मी पेन पुढे केलं. त्यांनी पेनाकडे पाहिलंच नाही. डावा अंगठा शाईच्या पॅडवर टेकवला, नीट फिरवला आणि नावापुढे असा दाबला की रेषा न् रेषा उमटली. मग वाकून त्यावर फुंकर मारली, वाळल्याची खात्री केली आणि मगच बाजूला झाले.

दुसऱ्या दिवशी दुपारी गोदामाच्या दारात हाच माणूस वर्तमानपत्र वाचत बसलेला मला दिसला. चित्रं बघत नव्हता, वाचत होता. ओठ न हलवता, सरसर.

"गांगुर्डे, तुम्हाला वाचता येतं?"

"येतं ना, भाऊसाहेब. सातवी झालीय."

"मग सही का करत नाही?"

ते माझ्या तोंडाकडे न बघता माझ्या हातांकडे बघत राहिले. ही त्यांची सवय. समोरचा काय बोलतोय यापेक्षा त्याचे हात काय करतायत, याकडे त्यांचं लक्ष असायचं. म्हणाले, "लिहिता येतं म्हणूनच अंगठा देतो."

एवढं बोलून त्यांनी पेपराची घडी घातली आणि आत गेले. मला हा माणूस त्या क्षणापासून संशयास्पद वाटायला लागला. शिकलेला माणूस अडाणी असल्याचं सोंग कशाला घेईल? मी हेडक्लार्क देशमान्यांच्या कानावर घातलं. देशमाने म्हणजे आमच्या कचेरीचा खरा कारभार. साहेब येत, बदलून जात. देशमाने तिथेच. ते सुपारी कातरता कातरता हसले.

"अरे, घेऊ दे की सोंग. आपल्याला अंगठाच बरा. अक्षर ओळखता येतं. अंगठे सगळ्यांचे सारखेच काळे."

त्यांना असं का वाटतं ते मला थोड्याच महिन्यांत समजलं. वर्षाचा अर्धा भाग उलटून गेला तसं देशमान्यांनी मला जवळ बसवलं आणि मस्टरवरची नावं फिरवायला शिकवली. प्रकरण सोपं होतं. एका माणसाचे वर्षात दोनशे चाळीस दिवस भरले की तो कायद्यात बसतो. मग त्याला "उद्यापासून येऊ नको" म्हणता येत नाही. नोटीस द्या, भरपाई द्या, आणि अशी चार-पाच वर्षं झाली की तो कायम करा म्हणून दारात उभा. म्हणून दोनशेच्या आसपास दिवस झाले की त्या माणसाचं नाव मस्टरवरून उतरवायचं. आणि काम अडू नये म्हणून त्याच माणसाला त्याच्या घरातल्या दुसऱ्या कुणाच्या तरी नावानं पुन्हा लावायचं. शांताराम नावाचा एक मजूर होता. तो वर्षातले सात महिने शांताराम असायचा आणि उरलेले दिवस त्याचा चुलतभाऊ. पगाराला तो चुलतभावाच्या नावानं, जरा वाकडं अक्षर काढून, सही करायचा.

"गांगुर्ड्यांचं काय लावायचं?" मी विचारलं.

"भावाचं आहे ना. किसन. त्यानंच दिलंय नाव."

मी लिहिलं. किसन रामभाऊ गांगुर्डे. पुढची पाच-सहा वर्षं दर वर्षी लिहीत गेलो. आपण काही गुन्हा करतोय असं मला वाटत नव्हतं, हे कबूल करतो. माझी नोकरी नवी होती, देशमाने वडीलधारे होते आणि मजुरांनाही काम मिळत होतं. तक्रार कुणाचीच नव्हती. उलट सुट्टी पडण्यापेक्षा दुसऱ्या नावानं का होईना काम मिळतंय म्हणून माणसं देशमान्यांना दुवा द्यायची. आणि पुंजाजी गांगुर्डे किसनच्या नावापुढेही तोच डावा अंगठा तसाच दाबून फुंकर मारायचे.

त्यांच्या संशयाच्या गोष्टी कचेरीत करमणुकीच्या झाल्या होत्या. ते कुणाचाही चहा प्यायचे नाहीत. एकदा साहेबांची बढती झाली, सगळ्यांना चहा आणि भजी. गांगुर्डे भजी घेऊन गेले, चहा तसाच ठेवला. मी विचारलं तर म्हणाले, "भजी सगळ्यांला एका ताटातून हायेत. चहाचा कप ज्याचा त्याला येगळा असतो. येगळं काई दिलं की मागून कागद येतो." गोणी उतरवून घेताना तोंडानं मोजायचे नाहीत, कारण मोठ्यानं मोजलं की ड्रायव्हर मध्येच काहीतरी विचारून आकडा चुकवतो. कुणी "जरा इकडे या" म्हणालं तर आधी "कशाला?" विचारायचे. दरवाजाकडे पाठ करून मी त्यांना बसलेलं कधी पाहिलं नाही.

आणि भिंतीवरचं कॅलेंडर. कचेरीत रोजचं एक पान फाडायचं ते जाडजूड कॅलेंडर होतं. शिपाई सकाळी कालचं पान फाडायचा आणि गांगुर्डे ते मागून घ्यायचे. न चुकता, रोज. घडी घालून पिशवीत.

एकदा गोदामात चार गोण्या कमी भरल्या. देशमान्यांना निमित्तच पाहिजे होतं. त्यांनी सगळ्यांसमोर गांगुर्ड्यांची पिशवी उघडायला लावली. सिमेंट पिशवीत मावत नाही हे त्यांनाही माहीत होतं, पण त्यांना पिशवी बघायची होती. पिशवीत फडक्यात बांधलेली भाकरी, पाण्याची बाटली आणि कॅलेंडरची दहा-बारा पानं निघाली. देशमान्यांनी पानं उलटीपालटी केली. कोरी होती.

"हे कशाला रे?"

"अशीच, साहेब."

"बिडी वळायला असतील," देशमाने म्हणाले, आणि सगळे हसले. मीही हसलो. गोण्या नंतर साइटवरच सापडल्या, पण त्याचं कुणी गांगुर्ड्यांना सांगितलं नाही.

संध्याकाळी सायकलवरून घरी जाताना माझ्या लक्षात आलं की गांगुर्डे बिडी ओढत नाहीत. तंबाखूसुद्धा नाही. मग पानं जातात कुठे? मला मनातून थोडी भीती वाटली. हे देशमान्यांना सांगावं असं एकदा वाटलं, आणि सांगितलं नाही. का नाही सांगितलं, याचं चांगलंसं कारण देता आलं असतं तर बरं झालं असतं. खरं कारण एवढंच की देशमान्यांनी माझंही काहीतरी असंच कुणाकडून ऐकलेलं असेल, असं मला तेव्हा वाटायला लागलं होतं. त्या कचेरीत सगळेच एकमेकांच्या हातांकडे बघायला शिकले होते.

गांगुर्ड्यांच्या अंगठ्याचा राग आमच्यापेक्षा जास्त होता तो त्यांच्या बायकोला. सुभद्राबाई एकलहऱ्याच्या रस्त्याला बांधकामावर जायच्या. कधी भाकरी विसरली तर आणून द्यायच्या. एकदा पगाराच्याच दिवशी आल्या आणि नवऱ्याचा निळाजांभळा अंगठा बघून फाटकातच उभ्या राहिल्या.

"आजबी अंगठाच लावला?"

गांगुर्डे फडक्यानं अंगठा पुसायला लागले.

"पोरगी शाळेत पह्यली येती. बाई इचारती तिला, तुझ्या बापाला लिहिता येत नाय का गं? प्रगतिपुस्तकावर अंगठा कशाला? तुमच्या बापानं गुरं सोडून तुम्हाला शाळेत घातलं ते याच्यासाठी? आपल्या लोकांनी शिकावं म्हणून काय काय झालं, आन तुम्ही शिकून अंगठा लावू राहिले!"

रांगेतली माणसं मजा बघत होती. आपापली सही सगळ्यांना प्यारी होती. बहुतेक जण गांगुर्ड्यांच्याच वस्तीतले, वडिलांपर्यंत सगळे अंगठेवाले, आणि स्वतःचं नाव लिहिता येणं म्हणजे त्यांना अंगावर नवा सदरा घातल्यासारखं होतं. गांगुर्ड्यांनी त्यातल्या दोघा-तिघांना "अंगठा देत जा" म्हणून सुचवलं होतं, तर त्यांनी महिनाभर त्यांची टिंगल केली होती. शांताराम तर म्हणाला होता, "तुझा बाप अडाणी व्हता, माझापन व्हता. आता काय पुन्हा मागं जायचं?"

गांगुर्ड्यांनी बायकोला एवढंच सांगितलं, "शाई धुता येती. नाव गेलं तर परत मिळत नाय."

मला वाटलं, हा माणूस उगाच मोठं मोठं बोलतो. नावं तर मी दर वर्षी फिरवत होतो आणि दर वर्षी परतही लावत होतो.

ऐंशी साल उलटून गेलं होतं. वरून कुणाची तरी चिठ्ठी आली, कुणाची तरी भाचे-पुतणे मंडळी लावायची होती. देशमान्यांनी एका शनिवारी गांगुर्डे, शांताराम आणि आणखी तिघांना बोलावून तोंडी सांगितलं, "सोमवारपासून येऊ नका." नोटीस नाही, कागद नाही. दोनशे चाळीस दिवस कुणाचेच भरलेले नव्हते. माझ्या अक्षरात मस्टर तयार होतं.

बाकीचे चौघे रडले, पाया पडले. गांगुर्डे म्हणाले, "हे लिहून द्या, साहेब."

"लिहून कशाला? तोंडी लावलं, तोंडी काढलं."

गांगुर्ड्यांनी मान डोलावली. भिंतीजवळ गेले, त्या दिवशीचं पान, संध्याकाळ व्हायची होती तरी, स्वतःच्या हातानं फाडलं आणि गेले.

पाचही जणांनी कामगार न्यायालयात केस टाकली. वकील होते अहिरे म्हणून एक तरुण गृहस्थ, सीबीएस बसस्टँडच्या मागे एका खोलीत बसायचे. त्यांच्याशी माझी नंतर ओळख झाली. त्यांनी सांगितलं की गांगुर्ड्यांसारखं अशील त्यांना पुन्हा मिळालं नाही. पहिल्या भेटीत गांगुर्ड्यांनी त्यांना एकही मूळ कागद दिला नाही, सगळ्या नकला. आणि नकला दिल्याची पोच वकिलाकडून लिहून घेतली. अहिरे रागावले तर म्हणाले, "राग नका मानू. तुम्ही चांगलेच असाल. पर तुमच्या हाफिसात उंदीर असतील." चौथ्या-पाचव्या भेटीत एक पत्र्याची पेटी आणली. त्यात कॅलेंडरची पानं होती, वर्षांची वर्षं. प्रत्येक पानामागे घरी बसून लिहिलेल्या दोन-तीन ओळी. आज कोणता ट्रक आला, किती गोण्या उतरवल्या, कोण हजर होतं, आणि आज मस्टरवर आपण कोण होतो. पुंजाजी की किसन.

म्हणजे ज्या पानांवर आम्ही हसलो होतो ती अशी घरी जाऊन भरली जात होती.

खात्याचं म्हणणं सरळ होतं. पानं काय, कुणीही लिहील. किसन गांगुर्डे हा वेगळा इसम, अर्जदाराचा भाऊ. दोघे भाऊ आळीपाळीनं कामाला होते. मस्टर साक्षीला आहे. आणि मस्टर शाबीत करायला साक्षीदार म्हणून ज्याच्या अक्षरात ते होतं त्याला बोलावलं होतं. मला.

त्याआधी शांतारामचा निकाल कसा लागला ते सांगतो, कारण त्या सकाळी मला त्याच्यामुळे धीर आला होता. शांतारामच्या चुलतभावाला देशमान्यांनी गाठलं. त्याला काय कबूल केलं ते मला माहीत नाही. तो कोर्टात आला आणि शपथेवर म्हणाला की ते महिने मीच कामावर होतो, सही माझीच आहे. शांतारामनं अक्षर मुद्दाम वाकडं काढलेलं, त्यामुळे ती सही त्याची आहे असं त्यालाच दाखवता येईना. त्याची केस पडली. पुढे तो चुलतभाऊच गोदामात लागला. शांताराम त्या कोर्टाच्या पायरीवर बसून आपल्याच भावाला आईबहिणीवरून शिव्या देत होता, आणि देशमाने माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "बघ, किती सोपं आहे."

मी पिंजऱ्यात उभा राहिलो. शपथ घेतली. मस्टर माझ्या हातचं आहे, नोंदी खऱ्या आहेत असं सांगितलं. मग अहिरे उठले.

"किसन रामभाऊ गांगुर्डे यांना तुम्ही ओळखता?"

"हो."

"समोर पाहिलंय?"

शेवटच्या बाकावर देशमाने चष्मा पुसत बसले होते. त्यांनी वर पाहिलं नाही. त्यांच्यापासून दोन बाकं पुढे गांगुर्डे होते आणि ते माझ्या हातांकडे बघत होते. मी हात कठड्याखाली घेतले.

"हो. पाहिलंय."

"पगार घ्यायला स्वतः यायचे?"

"स्वतः यायचे."

"दिसायला कसे आहेत?"

"भावासारखेच," मी म्हणालो. कुणीतरी हसलं.

"अर्जदाराला काढलं त्याच्या आधीच्या उन्हाळ्यात ते कामावर होते?"

"होते. मस्टरवर आहे."

अहिऱ्यांनी एक कागद न्यायाधीशांपुढे ठेवला. सिन्नरकडच्या एका गावाच्या जन्ममृत्यूच्या नोंदीचा उतारा. किसन रामभाऊ गांगुर्डे, मी नोकरीला लागलो त्याच्या चार वर्षं आधीच मेलेला होता.

न्यायाधीशांनी तो कागद दोनदा वाचला. मग माझ्याकडे पाहिलं. मला त्या वेळी काय वाटलं ते स्पष्ट लिहितो: मला गांगुर्ड्यांचा भयंकर राग आला. सहा वर्षं या माणसानं माझ्याकडून एका मेलेल्या माणसाची हजेरी लिहून घेतली. दर महिन्याला माझ्यासमोर वाकून फुंकर मारत होता, आणि त्याला माहीत होतं. लाज नंतर आली, बरीच नंतर.

"मग किसनच्या नावापुढचा अंगठा कुणाचा?" अहिऱ्यांनी विचारलं. माझ्या उत्तराची गरजच नव्हती. अंगठे तपासायला गेले आणि अहवाल आला. पुंजाजीच्या नावापुढचा आणि किसनच्या नावापुढचा, सगळ्या वर्षांचा, अंगठा एकाच माणसाचा. देशमान्यांनी जन्मभर अक्षरं ओळखली होती. अंगठ्याला नाव बदलता येत नाही, हे एवढं त्यांना सुचलं नव्हतं.

साक्ष संपवून मी व्हरांड्यात आलो. पाणी प्यायला नळाकडे गेलो तर तिथे सुभद्राबाई उभ्या होत्या. मी वळणार होतो, पण त्यांनी हाक मारली.

"भाऊसाहेब, तुम्ही माझ्या दिराला पाह्यलं?"

मी नळ सोडला.

"कसा दिसत व्हता? बरा व्हता ना?"

त्यांच्या आवाजात टोमणा होता का, ते मला आजही सांगता येत नाही. मला तर त्या खरंच विचारतायत असं वाटलं. मग त्यांनीच सांगितलं. किसन दुसऱ्या एका सरकारी कामावर, खडी फोडण्याच्या खाणीत, असाच रोजंदारीवर होता. एक दिवस दरड अंगावर आली. प्रेत गावी आणलं, माती दिली, आणि भरपाईचं बोलायला पुंजाजी तिथल्या कचेरीत गेले.

"तर म्हणले, किसन नावाचा माणूस आमच्याकडं नव्हताच. मस्टर काढून दावलं. खरंच नव्हता. त्या म्हैन्यात त्यो दुसऱ्याच कुणाच्या नावावर व्हता. सही पण त्याच नावाची. आमचा माणूस मेला आन त्यांच्या कागदावर कुणीच मेलं नाय. तवापासून ह्यांचं हे असं. मी लय बोलले अंगठ्यावरून. मला काय म्हाईत."

"मला माहीत नव्हतं, बाई," मी म्हणालो. ते खरं होतं आणि काही उपयोगाचं नव्हतं.

निकाल गांगुर्ड्यांच्या बाजूनं लागला. कामावर परत घ्या, मधली सेवा सलग धरा, आणि वर्षानुवर्षं हंगामी ठेवून कायमपणाचे हक्क नाकारणं ही अनुचित प्रथा आहे, असं त्यात होतं. माझ्या साक्षीबद्दलही दोन ओळी होत्या. त्या मला पाठ आहेत, इथे देत नाही. पुढे माझ्यावर काही झालं नाही. खात्याला माझ्यापेक्षा स्वतःची जास्त काळजी होती. देशमाने तोवर निवृत्त झाले होते.

कायम केल्याचा हुकूम यायला आणखी काही महिने गेले. तो माझ्याच टेबलावरून जायचा होता. गांगुर्डे आले. हुकूम मागून पुढून पाहिला. उजेडाकडे धरला. शिक्क्यावर बोट फिरवून शाई लागते का बघितलं. जावक क्रमांक रजिस्टरात खरंच आहे का, ते रजिस्टर मागून घेऊन तपासलं. मी पोचवहीत त्यांचं नाव लिहिलं आणि पेन पुढे केलं.

"गांगुर्डे, आता तरी सही करा. आता तुमचं नाव तुमचंच आहे."

"पॅड द्या, भाऊसाहेब."

मी पॅड दिलं. त्यांनी अंगठा लावला, फुंकर मारली. खोलीत दुसरं कुणी नव्हतं. बरेच दिवस जे मनात होतं ते बोलावं म्हणून मी म्हणालो, "माझ्याकडून साक्षीत चूक झाली. तुम्ही आधी एकदा मला विश्वासात घेतलं असतं, तर..."

त्यांनी पहिल्यांदाच माझ्या हातांऐवजी तोंडाकडे पाहिलं. रागानं नाही. अगदी सरळ.

"तुम्ही खोटंच बोलणार, हे मी वकिलाला आधीच सांगून ठेवलं व्हतं. त्याच्यावरच सगळं उभं केलं व्हतं त्यांनी. तुम्ही जर म्हणले असते की किसनला मी कधी पाह्यलं नाय, तर खातं लिहिण्यातली चूक म्हणून सुटलं असतं, आन आमची लय पंचाईत झाली असती."

मग हुकमाची घडी घालून ती त्यांनी बंडीच्या आतल्या खिशात ठेवली आणि गोदामाकडे गेले. मी पोचवही मिटली आणि परत उघडली. मला शिव्या दिल्या असत्या तर मी सहन केल्या असत्या. त्यांनी माझा हिशेब आधीच धरला होता आणि तो बरोबर आला होता. मला जर त्यांनी खरंच विश्वासात घेतलं असतं तर मी काय केलं असतं? मी त्याच संध्याकाळी देशमान्यांकडे गेलो असतो. हे मला माहीत आहे आणि त्यांनाही माहीत होतं.

त्यानंतर माझी बदली मालेगावकडे झाली. गांगुर्डे गोदामात राहिले. कुणीतरी सांगितलं की शांतारामला कुठेतरी लावता येईल का म्हणून ते अजून अहिऱ्यांकडे चकरा मारतात. कुणीतरी सांगितलं की ते आता नव्या रोजंदारीवाल्यांना पहिल्या दिवशीच बाजूला घेऊन काहीतरी शिकवतात आणि नवा हेडक्लार्क त्यांच्यावर डोळा ठेवून आहे.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते ऐंशीचं दशक सरत आलं तेव्हा, नाशिकच्या एका कॉलेजात. मी मुलाच्या प्रवेशासाठी परत आलो होतो. फॉर्म भरायला एक लांब टेबल मांडलेलं होतं, त्यावर दोरीनं बांधलेली बॉलपेनं. टेबलाच्या पलीकडच्या टोकाला गांगुर्डे उभे होते. डोक्याचे केस पांढरे, मान तशीच तिरकी. शेजारी त्यांची मुलगी, दोन वेण्या, हातात कागदपत्रांची पिशवी.

"दादा, इथं. पालकाची सही," ती म्हणाली आणि बोटानं जागा दाखवली.

त्यांनी फॉर्म उलटा करून मागची बाजू पाहिली. मग सरळ केला, पेन घेतलं, खाली वाकले आणि लिहायला लागले. अंगठा नाही. पेन घट्ट धरून, सावकाश, एकेक अक्षर गोल काढत. इतक्या वर्षांत त्यांचं अक्षर मी पहिल्यांदा बघत होतो. फार सुरेख होतं. मुलगी बापाच्या हाताकडे बघत होती, आणि तिचा चेहरा बघून मला सुभद्राबाईंचं फाटकातलं बोलणं आठवलं. मी नकळत दोन पावलं पुढे गेलो.

गांगुर्ड्यांनी वर पाहिलं. मला ओळखलं. हसले, मनापासून हसले.

"जय भीम, भाऊसाहेब. बरंय ना?"

आणि बोलता बोलता त्यांनी डावा हात उचलून त्या सहीवर ठेवला. मला फक्त 'पुंजाजी' एवढंच वाचता आलं होतं, पुढचं सगळं त्यांच्या तळहाताखाली गेलं. मुलीला काही कळलं नाही. ती म्हणाली, "दादा, हात काढा ना, फॉर्म द्यायचाय."

"देऊ की," ते म्हणाले. "जरा थांब. भाऊसाहेबांना जाऊ दे."

मी "बरंय" म्हणालो आणि दुसऱ्या टेबलाकडे गेलो.